वॉर्म व्हाइटच्या नादात गेलेले तीन आठवडे (माझा अनुभव)

पुट्टी, प्रायमर, घासकाम सगळं आठवड्यात उरकलं, त्यात सांगण्यासारखं काही नाही. अडकले ते रंगात, आणि रंग कुठला तर पांढरा.

पुण्यातला आमचा हॉल उत्तरेकडचा, ऊन आत येतच नाही. म्हणून सायीसारखा उबदार पांढरा हवा होता. शेड कार्डावर एक आवडला, दुकानातल्या रंग मिसळायच्या मशीनवर दहा लिटरचा डबा बनवून घेतला, पेंटर काकांनी पहिला हात मारला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बघते तर भिंत हिरवट! आई म्हणाली, ओल आल्यासारखी दिसतेय गं.

डबा घेऊन दुकानात गेले. काउंटरवरचा मुलगा म्हणाला, मॅडम तुम्ही दिलेलाच कोड आहे, मशीनवर बनवलेला रंग परत घेत नाही. ते मला मान्यच होतं, परत द्यायला गेलेच नव्हते मी. मला एवढंच विचारायचं होतं की या पांढऱ्यात नक्की काय काय पडलंय? या एका प्रश्नाच्या उत्तरासाठी मी चार फेऱ्या मारल्या. पहिल्यांदा ऐकलं, "ऑफ व्हाइट सगळे सारखेच असतात हो." दुसऱ्यांदा, "ते कंपनीचं असतं, आम्हाला नसतं माहीत." तिसऱ्यांदा मालक जेवायला गेले होते. दर वेळी पाऊण तास उभं राहायचं, कारण पुढे कॉन्ट्रॅक्टर लोकांच्या वीस-वीस लिटरच्या बादल्या हलत असायच्या आणि माझं काम म्हणजे नुसती चौकशी. इकडे घरात सोफा चादरीखाली, जेवण बेडरूममध्ये, काका रोज फोन करणार की ताई काय ठरलं, मी दुसरं काम घेऊ का. अजूनही त्या काउंटरचा विचार आला की डोकं तापतं.

चौथ्या फेरीला मशीनवर एक वयस्कर गृहस्थ होते. त्यांनी स्क्रीनच माझ्याकडे वळवली. पांढरा बेस, त्यात यलो ऑक्साइड आणि अगदी थोडा काळा. म्हणाले, "ताई, पिवळ्यात काळा पडला की हिरवी झाक येणारच, त्यात तुमचा उजेड उत्तरेचा." उत्तरेचा उजेड निळसर असतो, तो हिरवट आणखी वर काढतो. झालं, मिनिटभराचं काम होतं!

तेव्हा रंग बनवून घ्यायच्या आधी ती स्क्रीन बघायला मागाच, लाजू नका. पिवळ्यासोबत काळा असेल तर हिरवट, लाल ऑक्साइड जास्त असेल तर गुलाबी किंवा पीच, हे ढोबळ गणित मला पुरलं. दुकानदार दाखवत नसेल तर शेड कार्डाच्या त्याच पट्टीवरचा सगळ्यात गडद रंग बघा, फिक्यात लपलेली झाक बऱ्याचदा तिथे उघडी पडते. साधा ए-फोर कागद शेजारी धरला तरी कळतं.

मग मी लाल ऑक्साइडवाला एक लिटर आणला (काही कंपन्यांचे सॅम्पलचे छोटे डबे असतात, आमच्याकडे नव्हते). आता भिंतीवर नाही, मोठ्या पुठ्ठ्यावर दोन हात दिले आणि पूर्ण वाळू दिला, कारण इमल्शन (पाण्यात मिसळणारा भिंतीचा रंग) ओला असताना फिका दिसतो, वाळला की गडद होतो. दिवसा सुंदर. रात्री ३००० केल्विनचे (केल्विन म्हणजे उजेडाच्या रंगाचं माप) पिवळे एलईडी लावले तर गुलाबी. पुठ्ठा खिडकीजवळ, कोपऱ्यात, फरशीला टेकवून, सगळीकडे फिरवला. फरशीचाही रंग भिंतीवर उतरतो, हे तेव्हा दिसलं. शेवटी त्याच गृहस्थांनी यलो ऑक्साइड जास्त, लाल अगदी नावाला आणि काळा अजिबात नाही असा एक शेड काढून दिला. तो सकाळी, संध्याकाळी, दिव्याखाली तिन्ही वेळा साय!

हो, बल्ब बदलायचे असतील तर रंग ठरवायच्या आधी बदला. आमच्या जुन्या ६५०० केल्विनच्या, निळसर पांढऱ्या ट्यूबखाली बघितलं असतं तर हाही नापास झाला असता. आणि डबे एकापेक्षा जास्त लागणार असतील तर मारायच्या आधी मोठ्या बादलीत एकत्र करून घ्यायला सांगा, डब्याडब्यात थोडा फरक पडू शकतो.

हिरवट रंगाचे सहा-एक लिटर उरले होते. काकांनी ते मागच्या बेडरूमला वापरले. ती खोली दक्षिणेकडची, दिवसभर ऊन. तिथे तो शेड कार्डावर दिसला होता तसाच दिसतोय, आणि आईने आता तीच खोली घेतलीये.