रीसेट केलेला फोन आणि आईचे हरवलेले गूगल खाते : माझा अनुभव

फोन रीसेट केला की आतले सगळे पुसले जाते आणि तो कोरा होऊन हाती येतो, असा बहुतेकांचा समज असतो. सांगलीजवळच्या आमच्या गावी आईच्या फोनच्या बाबतीत हाच समज महागात पडला. सुट्टीला आलेल्या नातवंडांनी खेळता खेळता फोनचा पॅटर्न बदलला आणि परत गेल्यावर त्यांना तो काही केल्या आठवेना. आई फोन घेऊन बाजारातल्या एका मोबाईलच्या दुकानात गेली. तिथल्या मुलाने पॉवरचे आणि आवाजाचे बटण एकत्र दाबून, तिला काही न विचारता फॅक्टरी रीसेट मारला. फोन सुरू झाला, त्याने भाषा विचारली, वायफाय जोडून घेतले, आणि पुढच्याच पडद्यावर जुना पॅटर्न द्या किंवा या फोनवर आधी असलेल्या गूगल खात्याने साइन इन करा, अशी सूचना दिसू लागली.

त्या मुलाने मला पुण्याला फोन लावला. "ताई, खातं आठवत नसेल तर बायपास मारून देतो, तासाभरात फोन मोकळा," असे तो म्हणाला. मी त्याला फोन जसा आहे तसा आईच्या हाती द्यायला सांगितले आणि शनिवारी गावी गेले.

दुकानांत ज्याला एफआरपी म्हणतात, ते फॅक्टरी रीसेट प्रोटेक्शन अँड्रॉइडमध्ये ५.१ या आवृत्तीपासून, म्हणजे २०१५ पासून आहे. फोनवर गूगल खाते असेल आणि पडद्याला कुलूप असेल, तर ही सोय आपोआप चालू होते. फोन उघडून सेटिंग्जमधून रीसेट केला तर मालकानेच तो केला असे धरले जाते आणि साधारणपणे खाते विचारले जात नाही. मात्र बटणे दाबून बाहेरून रीसेट केला, तर फोन चोरीचा असू शकतो असे धरून जुन्या मालकाची ओळख मागितली जाते. ही नोंद साठवणीच्या अशा वेगळ्या भागात असते की रीसेट कितीही वेळा केला तरी ती पुसली जात नाही. फोन कोणाच्या हातात आहे याला इथे महत्त्व नाही. जमीन कोणीही कसत असो, सातबाऱ्यावर नाव कोणाचे हे पाहावे, तसे हे आहे. मला ही सोय मनापासून पटते, कारण एस.टी. स्टँडवर लांबवलेला फोन चोराला सहज विकता येऊ नये, यासाठीच ती आहे. बायपासमध्ये याच कुलपातली एखादी फट शोधून बहुधा कुठून तरी आणलेले ॲप फोनमध्ये घुसवतात. ज्या फोनवर आईचे बँकेचे ॲप चालणार होते, त्यावर असे काही करू देणे मला मुळीच मान्य नव्हते.

खरी अडचण पासवर्डाची नव्हती. खाते कोणते, हेच कोणाला ठाऊक नव्हते. फोन घेतला तेव्हा विक्रेत्याने दुकानातच आईचे जीमेल उघडून दिले होते. "सगळं त्या पोरानंच भरलं गं, मला नुसतं नाव विचारलं," एवढेच आई सांगू शकली. आपल्याकडे असंख्य घरांत हीच स्थिती असावी: फोन आपला, सिम आपले, पण ज्या खात्यावर सगळा कारभार चालतो त्याचा पत्ता फक्त विकणाऱ्याला माहीत.

मी आईचे सिम काढून माझ्या फोनच्या दुसऱ्या खाचेत घातले, म्हणजे त्यावर येणारे कोड मला मिळू लागले. (सिमही हरवले असते तर नवे घ्यावे लागले असते, आणि सिम बदलल्यावर पहिले २४ तास त्यावर एसएमएस बंद असतात, हे लक्षात ठेवलेले बरे.) मग गूगलच्या साइन-इनच्या पानावर 'ईमेल विसरलात?' हा पर्याय निवडला. तिथे आधी मोबाईल क्रमांक आणि नंतर खात्यावर नोंदवलेले नाव व आडनाव द्यावे लागते. ते जुळले तर क्रमांकावर कोड येतो आणि त्या क्रमांकाशी जोडलेली खाती दिसतात. आईचे नाव सुलभा. रोमन लिपीत ते ज्या ज्या प्रकारे लिहिता येईल, ते सगळे प्रकार करून पाहिले. आडनावाची स्पेलिंगही बदलून पाहिली. प्रत्येक वेळी असे खाते नाही, असेच उत्तर येत होते. शेवटी आईने कपाटातून फोनचा खोका काढला. त्यात विक्रेत्याचे बिल घडी घालून ठेवले होते आणि त्यावर ग्राहकाचे नाव 'सुलभाताई' असे जोडून छापलेले होते. तेच नाव तसेच्या तसे टाकले आणि कोड आला. खाते सापडले, पत्त्यात नावापुढे मोबाईल क्रमांकाचे शेवटचे आकडे होते.

पासवर्ड नव्याने घेण्याचे काम मी मुद्दाम गावातच, घरच्या वायफायवरून केले. खाते परत देताना गूगल नेहमीचे ठिकाण आणि नेहमीचे उपकरण पाहते. उपकरण तर पुसले गेलेच होते, निदान ठिकाण तरी ओळखीचे असावे, असा माझा हेतू होता. एसएमएसचा कोड दिल्यावर नवा पासवर्ड ठरवता आला. पासवर्ड बदलल्यावर फॅक्टरी रीसेट करण्याआधी २४ तास थांबावे, असे गूगल सुचवते. आमचा रीसेट आधीच झालेला असल्यामुळे आम्ही निदान साइन इन करण्याआधी तेवढे थांबलो. त्यानंतर खाते आणि पासवर्ड टाकताच फोन पुढे सरकला.

याच सुमारास दुसऱ्या मार्गाचीही तयारी मी करून ठेवली होती. बऱ्याच कंपन्यांची अधिकृत सेवा केंद्रे खरेदीचे बिल आणि ओळखपत्र पाहून हे कुलूप काढून देतात, मात्र बिलावरचा १५ अंकी आयएमईआय, म्हणजे प्रत्येक फोनचा स्वतंत्र ओळख क्रमांक, फोनशी जुळावा लागतो. अडकलेल्या फोनवरही आपत्कालीन कॉलच्या पडद्यावर *#०६# दाबून मी तो पडताळून घेतला होता.

गूगल फोटोजमध्ये आपोआप जतन होणारी छायाचित्रे परत आली आणि क्रमांक तोच असल्यामुळे व्हॉट्सॲपच्या बॅकअपमधले संदेशही आले. आईने रेकॉर्डरवर घेतलेल्या आजीच्या जात्यावरच्या ओव्या मात्र फक्त फोनमध्ये होत्या. अँड्रॉइड फोनमधली माहिती कूटबद्ध केलेली असते आणि रीसेटबरोबर ती उलगडणाऱ्या किल्ल्याच नष्ट होतात, त्यामुळे 'डेटा काढून देतो' म्हणणाऱ्यांच्या मागे आम्ही लागलो नाही. त्यांतल्या दोन ओव्या आईने पूर्वी मामाला पाठवल्या होत्या, त्या त्याच्याकडून घेतल्या. बाकीच्या गेल्या, याचे मला फार वाईट वाटते.

बँकेचे ॲप नव्याने नोंदवावे लागले. नंतर खात्यावर पुनर्प्राप्तीसाठी माझाही क्रमांक जोडला, द्विस्तरीय पडताळणी (पासवर्डाबरोबर ओळखीचा आणखी एक पुरावा मागणारी सोय) सुरू केली आणि तिथे मिळणारे आठ अंकी दहा बॅकअप कोड आईच्या हिशेबाच्या वहीत तिच्याच अक्षरात लिहून घेतले. खात्याचा पत्ताही तिने स्वतःच टाईप करून पाहिला. दादाचा जुना फोन भाचीला द्यायचा होता. त्यावरचे खाते आधी सेटिंग्जमधून काढले, तिथूनच रीसेट केला, आणि खाते न विचारता तो सुरू होतो हे पाहून मगच तिच्या हाती दिला.