आगोस्तिनो स्टेफानी: ऑपेरा लिहिता लिहिता मुत्सद्दी झालेला माणूस

बरोक काळातलं (साधारण १६०० ते १७५०) जर्मन संगीत म्हटलं की सगळे संगीतकार बाखपाशी जाऊन थांबतात. बाख थोरच आहे, त्यात वाद नाही, पण त्या काळच्या दरबारांत नक्की काय शिजत होतं हे कळायला बाखचा फारसा उपयोग नाही असं माझं मत. त्यासाठी स्टेफानी बघावा. जन्म १६५४, व्हेनिसजवळच्या कास्तेलफ्रांकोचा, पोरगा गातो छान म्हणून बव्हेरियाच्या इलेक्टरने (म्हणजे तिथल्या राज्यकर्त्याने) १६६७ मध्ये त्याला उचलून म्युनिकला आणलं आणि मग जवळपास सगळं आयुष्य जर्मन दरबारांतच गेलं. या माणसाने ऑर्गन वाजवला, ऑपेरे लिहिले, मधेच पाद्री झाला, दुसऱ्या दरबारांत वकील (म्हणजे राजदूत) म्हणून गेला, बिशप झाला आणि एका संस्थानात चक्क सरकारचा अध्यक्षही झाला!

हे असं कसं होऊ शकतं, तर त्यासाठी १६४८ चा वेस्टफालियाचा तह लक्षात घ्यायला हवा. तीस वर्षांचं युद्ध संपलं आणि पवित्र रोमन साम्राज्यातल्या (म्हणजे मुख्यतः जर्मन मुलखातल्या) लहानमोठ्या शेकडो संस्थानिकांना बाहेरच्यांशी परस्पर करार करायची मुभा मिळाली, फक्त सम्राटाच्या विरोधात नको एवढीच अट. झालं, जो तो राजकारण खेळायला लागला. पण फ्रान्सएवढी फौज ठेवायची कुणाची ऐपत? मग वजन दाखवायचं कशाने तर महालाने, बागेने आणि सगळ्यात जास्त म्हणजे ऑपेराने, कारण ऑपेराला परदेशी वकील समोर बसलेले असायचे आणि काय पाहिलं, किती खर्च दिसला, कोण कुणाशेजारी बसलं होतं हे सगळं पत्रातून मालकाला कळवायचे. आणि इटालियन संगीतकार तर ठेवायलाच हवा, त्याशिवाय दरबाराला शोभा नाही.

या खेळातला सगळ्यात चिवट खेळाडू म्हणजे उत्तर जर्मनीतल्या हानोवरचा ड्यूक एर्न्स्ट आउगुस्ट. त्याला इलेक्टर व्हायचं होतं, म्हणजे सम्राट निवडताना ज्यांना मत असतं त्या मोजक्या लोकांत बसायचं होतं. तेव्हा ही पदं होती आठ, त्याला नववं हवं होतं. हा गडी ऑपेराचा इतका शौकीन की व्हेनिसच्या कार्निव्हलला जाऊन बसायचा, तिथल्या थिएटरांत भाड्याने बॉक्स घेऊन ठेवलेले, आणि दुसरीकडे त्याच व्हेनिसला तुर्कांशी लढायला आपल्या पलटणी भाड्याने दिलेल्या. सैनिक द्यायचे आणि तिथेच ऑपेरा बघायचा, काय हिशेब आहे बघा. १६८८ मध्ये त्याने स्टेफानीला म्युनिकहून आणलं. प्रोटेस्टंट दरबारात कॅथलिक पाद्री, पण कुणाला त्याचं काही वाटलं नाही.

१६८९ च्या जानेवारीत हानोवरचं नवं ऑपेरा हाऊस उघडलं ते स्टेफानीच्या 'एन्रिको लिओने'ने. एन्रिको म्हणजे हेन्री द लायन, बाराव्या शतकातला याच घराण्याचा पूर्वज, सॅक्सनी आणि बव्हेरिया दोन्हीचा ड्यूक, ज्याची सत्ता ११८० मध्ये सम्राट बार्बारोसाने काढून घेतली. म्हणजे स्टेजवर वादळ आहे, सिंह आहे, यंत्रांच्या करामती आहेत, लोक आ वासून बघतायत, पण सांगायचं एवढंच की बाबांनो आम्ही कालचे आलेले नाही, आमचं हिरावून घेतलेलं आहे ते परत द्या. मला तर हा ऑपेरा म्हणजे गाऊन केलेला दावाअर्ज वाटतो. बरं, त्याच वेळी त्याच दरबाराचा नोकर असलेला लाइबनिझ, हो तोच, कॅल्क्युलसवाला, इटलीत जुनी कागदपत्रं उकरत होता, कारण त्याला घराण्याचा इतिहास लिहायचं काम दिलेलं. मोदेनाचं एस्ते घराणं आणि हानोवरचं वेल्फ घराणं मुळात एकच हे त्याने पुराव्यानिशी सिद्ध केलं. इतिहास मात्र त्याने इतक्या मागून सुरू केला की मरेपर्यंत इ.स. १००५ पर्यंतच पोचला!

१६९२ मध्ये सम्राट लिओपोल्डने नववं पद दिलं. ऑपेरामुळे दिलं असं कुणी म्हणणार नाही, फौज आणि पैसा हीच खरी किंमत होती. बाकीच्या संस्थानिकांनी खूप कटकट केली आणि इलेक्टरांच्या सभेत प्रत्यक्ष जागा मिळायला १७०८ उजाडलं, तोपर्यंत एर्न्स्ट आउगुस्ट जाऊन दहा वर्षं झाली होती.

मला सगळ्यात रंगतदार वाटतो तो पुढचा भाग. १६९० च्या दशकात स्टेफानी हानोवरचा वकील म्हणून ब्रसेल्सला, कारण तिथे स्पॅनिश नेदरलँड्सचा (म्हणजे साधारण आजच्या बेल्जियमचा) गव्हर्नर होता मॅक्स इमॅन्युएल, बव्हेरियाचा इलेक्टर, स्टेफानीचा म्युनिकमधला जुना मालक आणि स्वतः व्हिओला दा गांबा हे तंतुवाद्य वाजवणारा. अशा माणसाकडे दुसरा कुठला वकील पाठवणार? तासन् तास संगीतावर बोलायचं आणि बोलता बोलता त्याला सम्राटाच्या बाजूने ठेवायचं, असं ते काम. जमलं नाही. स्पेनच्या वारशाचं युद्ध पेटलं आणि मॅक्स इमॅन्युएल फ्रान्सला जाऊन मिळाला, १७०४ ला ब्लेनहाइमला सपाटून हरला आणि १७०६ मध्ये सम्राटाने त्याला साम्राज्यातूनच बहिष्कृत केलं.

तोवर स्टेफानी ड्युसेलडॉर्फला पॅलेटिनेटच्या इलेक्टरकडे, योहान विल्हेल्मकडे, मोठ्या पदावर गेला होता, आणि या योहान विल्हेल्मला बव्हेरियावाल्याचा मान आणि काही मुलूख मिळाला. १७०९ मध्ये तिथे स्टेफानीचा 'तास्सिलोने' झाला. विषय? शार्लमेनशी बेइमानी करून गादी घालवलेला बव्हेरियाचा ड्यूक! कुणाबद्दल चाललंय ते कळायला फार डोकं लागत नाही. ज्या दरबारात लहानाचा मोठा झाला, शिकला, त्याच घराण्याच्या नाचक्कीला याने चाली लावल्या. आणि गंमत म्हणजे १७१४ च्या तहात मॅक्स इमॅन्युएलला सगळं परत मिळालं, त्यामुळे अख्खा ऑपेराच आउटडेटेड.

'तास्सिलोने'वर संगीतकार म्हणून स्टेफानीचं नावच नव्हतं, होतं ग्रेगोरिओ पिवा, म्हणजे त्याच्या नकलनवीसाचं. पोपने एव्हाना त्याला स्पिगाचा बिशप केलेलं (हे स्पिगा तुर्कांच्या मुलखात, म्हणजे पदवी नुसती कागदावर), आणि बिशप-मुत्सद्दी माणसाने थिएटरसाठी लिहिणं बरं दिसत नाही. संगीतामुळेच मोठ्यांच्या बैठकीत बसायला मिळालं आणि एकदा खुर्ची मिळाल्यावर संगीतच लपवायला लागलं, याचा मला जरा रागच येतो, त्याचा नाही, त्या व्यवस्थेचा. नुसता संगीतकार राहिला असता तर काय झालं असतं तेही दिसतंच आहे. १७१७ मध्ये वायमारच्या ड्यूकने नोकरी सोडू द्या म्हणून हटून बसलेल्या बाखला जवळजवळ महिनाभर डांबून ठेवलं होतं. आणि बर्लिनला १७१३ मध्ये नवा राजा आला, त्याला फक्त सैन्यात रस, त्याने दरबारी वाद्यवृंदच मोडून टाकला, वादक नोकरी शोधत फिरले.

शेवटची वर्षं स्टेफानीला फार सुखाची गेली नाहीत. उत्तर जर्मनीतल्या कॅथलिकांचं काम रोमने अंगावर टाकलं, पैसे मात्र पुरेसे दिले नाहीत, कर्ज झालं. १७२७ मध्ये लंडनच्या एका संगीत अकादमीने त्याला अध्यक्ष निवडलं, त्यांना पिवा कोण ते व्यवस्थित माहीत होतं. पुढच्याच वर्षी फ्रँकफर्टला वारला.

ऐकायचं असेल तर म्युनिकच्या दिवसांतला १६८८ चा 'निओबे' ऐका, त्यातलं राजा आन्फिओनेचं 'स्फेरे आमिके' हे गाणं आधी. मग दोन आवाजांची युगुलगीतं, जी संगीतकार हँडेलने बारकाईने अभ्यासली आणि हँडेलची स्वतःची युगुलगीतं शेजारी लावलीत तर कुठून काय आलंय ते पाच मिनिटांत कळतं. 'एन्रिको लिओने' मात्र सगळ्यात शेवटी, खरं सांगायचं तर तो बघायचा प्रकार होता, नुसता ऐकताना मधेमधे कंटाळा येतो.