तीस टक्के धास्ती

चाकणच्या एका प्रेस शॉपमध्ये, म्हणजे यंत्रानं पत्रा दाबून भाग बनवतात तिथं, मी जपानी दुभाषी म्हणून जाते. आदल्या आठवड्यात रात्रपाळीच्या एका पोरानं काम लवकर उरकावं म्हणून सेफ्टी सेन्सर बायपास केला होता. हात वाचला, नख गेलं. म्हणून हे ट्रेनिंग.

ओसाकाहून आलेले साठीचे इंजिनिअर स्लाइड दाखवत होते, मी मराठीत सांगत होते, आणि जेवून आलेली मंडळी पेंगत होती. इंजिनिअरसाहेबांनी लॅपटॉप मिटला आणि बॅगेतून एक पुस्तिका काढली. मुखपृष्ठावर जाड भुवया, करडी नजर. ड्यूक टोगो! तो ज्या जपानी चित्रकथेचा नायक आहे, ती ‘गोल्गो १३’ वाचतच माझं जपानी पक्कं झालंय, त्यामुळे मला राहवेना.

२०१६ मध्ये ढाक्याच्या दहशतवादी हल्ल्यात सात जपानी मारले गेले. त्यानंतर परदेशात काम करणाऱ्या छोट्या कंपन्यांनी कसं जपून राहावं, हे सांगायला जपानच्या परराष्ट्र खात्यानं २०१७ मध्ये या सुपारी घेणाऱ्या नेमबाजालाच पुढे केलं. ही तीच पुस्तिका. मारेकरी सुरक्षा शिकवणार? पेंगणारे सावरून बसले.

ही मालिका वाचलेल्याला मात्र नवल वाटत नाही. ताकाओ साइतो यांनी ती १९६८ मध्ये सुरू केली. शीतयुद्ध संपलं, सोव्हिएत संघ मोडला, तरी टोगोचं काम थांबलं नाही. २०२१ च्या जुलैत २०१ वा खंड आला आणि एकाच चित्रकथा मालिकेच्या सर्वाधिक खंडांचा गिनीज विक्रम झाला. सप्टेंबरात साइतो गेले, पण त्यांच्याच इच्छेनुसार त्यांच्या चमूनं ती पुढे चालू ठेवली. लोक म्हणतात, त्याचा नेम बघायला वाचतो. मला नाही तसं वाटत. गोळी सुटते ती एका चौकटीत. त्याआधी पानंच्या पानं नुसती तयारी असते. कुणी पाठीमागे उभं राहिलेलं त्याला खपत नाही, उजवा हात तो कुणाच्या हातात देत नाही. ही सावधगिरीच मला पान उलटायला लावते.

साहेबांनी टोगोचा प्रसिद्ध हिशेब सांगितला. धंद्यात टिकायला १० टक्के अंगचं कसब, २० टक्के मेहनत, ३० टक्के ‘ओकुब्योसा’...

मी अडले. शब्दकोशातला अर्थ भित्रेपणा. पण या चाळीस जणांना भित्रे व्हा म्हणून कसं सांगू? सावधपणा म्हणावं, तर त्यात पोटातला गोळा येत नाही. मी अडचण सरळ त्यांच्यापुढेच मांडली.

मागून मेंटेनन्सचे काका म्हणाले, “धास्ती म्हणा की ताई. मला तीस वर्षं झाली, अजून पॅनल उघडताना धास्ती वाटते.”

मी तो शब्द साहेबांना समजावला. त्यांनी तो कताकाना या जपानी लिपीत वहीत उतरवून घेतला, दोनदा म्हणून पाहिला.

“आणि उरलेले ४०?” बोटाला पट्टी बांधलेल्या पोरानं विचारलं.

“नशीब,” मी सांगितलं.

टोगोच्या तोंडी पुष्कळदा नुसते ठिपके असतात. तो पोरगाही काही बोलला नाही. चहाच्या सुट्टीत मात्र पुस्तिका उघडून चित्रं बघत बसला होता, आणि शेजारी काका.