निळ्या डोहाची दीक्षा घेऊन आले, जाणाऱ्यांसाठी सविस्तर

दीक्षेचं ठरलं की गुरुकुलात महिनोन्महिने मंत्र घोटून घेतात, डोहातल्या नागाची सगळी नावं, हाकांचे प्रकार, कुठल्या दाराला कुठलं पाऊल आधी टाकायचं वगैरे वगैरे. ते लागतं, नाही म्हणत नाही. पण आत जे कायमचे राहतात त्यातले बहुतेक नागापर्यंत पोचतच नाहीत, हवा, पाणी आणि गारठा यांनीच जातात, आणि त्यावर गुरुजी लोक चकार शब्द काढत नाहीत. म्हणून हे लिहितेय.

आधी टायमिंग. दोन्ही चंद्र एकत्र मावळतात त्या रात्री दार उघडतं हे सगळ्यांनाच माहितीये, पण त्याआधी वरच्या पठारावर पाऊस झाला असेल तर सरळ पुढची रात्र धरा, मुहूर्त गेला तर गेला. दरीत आभाळ कोरडं ठाक असलं तरी पठारावरचं पाणी झिरपत झिरपत उशिरा आत येतं. दारातून आत गेल्यावर भिंतीकडे नीट बघा, डोक्याच्या वर कपारीत काटक्या, पाचोळा अडकलेला दिसेल, पाणी तिथपर्यंत चढतं. आणि ओढ्याचं स्वच्छ पाणी अचानक गढूळ झालं तर मंत्र अर्धवट टाका आणि उंच जागा गाठा.

दारावर राखणदार तुमचं नाव काढून घेतात, लाल दोऱ्याला गाठ मारून. दुखत नाही, घशात थोडं रिकामं वाटतं एवढंच. पण एकदा नाव गेलं की मागून तुम्हाला कोणी हाकच मारू शकत नाही, त्यामुळे बॅचमधल्या लोकांशी खुणा आधीच ठरवून ठेवा. आम्ही दगडावर दगड आपटायचं ठरवलं होतं, दोनदा म्हणजे ठीक, सतत म्हणजे या. आमच्यातला एकजण म्हणाला हे काय पोरखेळ, तोच पुढे सगळ्यात जास्त आपटत होता.

आता बसकं दालन. हे नीट वाचा. छत इतकं खाली की वाकूनच जावं लागतं, जमीन मधोमध खोलगट, आणि विधीत तिथे लोटांगण सांगितलंय. म्हणजे नेमकं नाक जमिनीला! कोंदलेली वाईट हवा साध्या हवेपेक्षा जड असते, ती सगळी त्या खोलगट भागात साठून बसते, वास नाही रंग नाही, आणि माणूस भक्तिभावाने त्यातच आडवा होतो. मग बाहेर सांगतात नागाने पसंत केला. कसला पसंत केला. दिवा गुडघ्याच्या खाली धरून चाला, ज्योत बसायला लागली की मागे फिरा. पण नुसत्या दिव्याच्या भरवशावरही राहू नका, ज्योत ठीक दिसत असतानाही हवा बाधू शकते, उगाच धाप लागली, डोकं ठणकायला लागलं तर तेवढ्यावरच निघा. कोणी खाली पडलं तर लगेच वाकून उचलायला जाऊ नका, दोघं जातात. कमरेला दोर बांधूनच एकेकाने पुढे जायचं आणि मागच्याने ओढायचं. आणि लोटांगणाचं म्हणाल तर मूळ पोथीत फक्त 'कपाळ शिळेला टेकवावे' असं आहे, कुठली शिळा ते लिहिलेलं नाही. उजव्या हाताला छातीच्या उंचीवर एक गुळगुळीत कट्टा आहे, त्याला टेकवा, दार उघडतं. माझ्यासाठी उघडलं.

त्यानंतर हाकांची वाट. मला आजीचा आवाज आला, हुबेहूब. "अगं दमलीस ना, बस की जरा इथं." पाय खरंच थांबले. पण एक गोष्ट लक्षात आली, आमची पावलं, खोकणं, दगडाचा आवाज, सगळं घुमत होतं, आजीचा आवाज तेवढा घुमत नव्हता, कानाला चिकटल्यासारखा कोरडा येत होता. हीच खूण धरा. जो आवाज घुमत नाही त्याला उत्तर द्यायचं नाही, कितीही रडला तरी. आणि दिवे विझवून चालायचा जो टप्पा आहे तिथे डोळ्यांपुढे नक्षी, चेहरे, ठिणग्या दिसतील, त्याचं टेन्शन घेऊ नका, मिट्ट काळोखात बराच वेळ राहिलं की डोळे स्वतःच काहीबाही दाखवायला लागतात, त्यात नागाचा काही हात नाही.

डोह. पाणी बर्फगार आहे आणि सगळे जोशात उडी मारतात. मारू नका. गार पाण्यात एकदम पडलं की आपोआप जोराचा श्वास आत ओढला जातो, त्या क्षणी डोकं पाण्याखाली असेल तर संपलंच. पायऱ्या आहेत, हळू उतरा, छातीपर्यंत जाऊन धाप शांत होईपर्यंत थांबा, मग बुडी. आणि बुडीच्या आधी भराभर दीर्घ श्वास घेऊ नका, दम वाढतो म्हणून सांगतात पण त्याने श्वास घ्यायची ऊर्मीच उशिरा येते आणि माणूस पाण्याखालीच शुद्ध हरपतो. तळाशी नाग असतो, तो एकच प्रश्न विचारतो, प्रत्येकाला वेगळा, तो सांगायची परवानगी नाही. एवढंच सांगते की तो घाई करत नाही, घाई आपल्या छातीला असते, तेव्हा उत्तर छोटं द्या.

कपडे लोकरीचे घाला, ओली लोकरही थोडी ऊब धरते, सुती अंगाला चिकटून उलट गारठवतं. कोरडा जोड मेण लावलेल्या पिशवीत ठेवा. वर आल्यावर कुडकुडणं चांगलं, कुडकुडणं थांबून माणूस असंबद्ध बोलायला लागला की मात्र गंभीर आहे, ओले कपडे काढा, कोरड्यात गुंडाळा, हातपाय चोळत बसू नका, नीट गिळता येत असेल तर गरम गोड काहीतरी पाजा. राखणदार बाहेर आल्या आल्या कडक दारू पुढे करतात, त्याने ऊब आल्यासारखं वाटतं पण अंगातली उष्णता निघून जाते. ओठाला लावून उरलेली जमिनीला वाहिली तरी मान राहतो, कोणी रागावत नाही.

नाव परत घेताना गाठ स्वतः तपासा, मोठ्याने म्हणून बघा, आमच्यात दोघांची अदलाबदल होता होता राहिली. सावली काही दिवस जरा उशिरा येते, तुम्ही वळलात की मागाहून वळते. जिना उतरताना खाली बघू नका, तोल जातो, बाकी काही त्रास नाही. परतीचा होडीवाला अशा सावलीचे वेगळे 2 तांबडे मागतो, देऊ नका, दरपत्रकात असलं काही नाहीये.