बारा मार्च, मॅक्लिओडगंज

धरमशाळेजवळच्या मॅक्लिओडगंजला लोक त्रिउंडच्या चढाईसाठी आणि मोमो खायला येतात, आम्हीही त्यातलेच. पण सकाळी बाहेर पडलो तर चुगलाखांग या तिबेटी मंदिराच्या आवारात बायकांची ही गर्दी! छुपा म्हणजे लांब तिबेटी झगा नेसलेल्या, कमरेला पांगदेन हा पट्टेदार ॲप्रन बांधलेल्या आमा (आया), कॉलेजातल्या मुली, लाल वस्त्रांतल्या भिक्षुणी. तारीख होती १२ मार्च. शेजारच्या आमा-लांना विचारलं, तर म्हणाल्या, "परसों सबका दिन था, आज हमारा है."

१० मार्च १९५९ रोजी तिबेटच्या राजधानीचे, ल्हासाचे, लोक चिनी सैन्यापासून दलाई लामांच्या रक्षणासाठी त्यांच्या नोर्बुलिंगका या उन्हाळी राजवाड्याभोवती जमले, आणि दोनच दिवसांनी पोताला राजवाड्यासमोर हजारो बायका उतरल्या; त्याच दिवसाची आठवण म्हणून आजचा मोर्चा. त्यांच्या पुढाऱ्यांपैकी पामो कुसांग यांना नंतर कैदेत घालून ठार केलं गेलं. सगळ्याच जणी अहिंसेच्या वाटेने गेल्या असं मात्र नाही. आनी पाचेन यांनी घोड्यावर बसून सशस्त्र लढा दिला, २१ वर्षं तुरुंगात काढली आणि अखेरीस इथेच धरमशाळेत राहिल्या. अहिंसेच्या फलकांमागून चालताना हे आठवत राहिलं.

मोर्चा खाली उतरू लागला. आमचं मराठी ऐकून एक तरुणी वळली. "तुम्ही नागपूरचे का?" ती निघाली गोंदिया जिल्ह्यातल्या गोठणगावची! नवेगावबांधजवळची ही तिबेटी वसाहत १९७२ पासूनची. आम्ही पक्षी बघायला तिकडे जातो, पण वसाहतीत कधी पाऊल टाकलं नव्हतं.

ल्हासाच्या ड्रापची तुरुंगातल्या भिक्षुणींबद्दल तिनेच सांगितलं. १९९३मध्ये १४ जणींनी चोरून आणलेल्या टेपरेकॉर्डरवर गाणी म्हटली. घरच्यांसाठी, दलाई लामांसाठी. कॅसेट बाहेर पोहोचली आणि प्रत्येकीची शिक्षा पाच ते नऊ वर्षांनी वाढली. त्यांतल्या न्गावांग सांगद्रोल १९९०मध्ये पहिल्यांदा पकडल्या गेल्या तेव्हा १३ वर्षांच्या होत्या, सुटल्या २००२मध्ये. गाण्याला एवढं घाबरणारं सरकार! मला तर त्या शिक्षेतच गाण्यांची खरी ताकद दिसली.

कचेरीपाशी भाषणं सुरू झाली आणि अर्थातच लांबली. १९८४मध्ये इथे पुन्हा उभ्या राहिलेल्या तिबेटी महिला संघटनेच्या बायका पाणी वाटत होत्या. आमची गोठणगावकर त्यांना हातभार लावायला निघाली, आणि जाता जाता म्हणाली, "पुढच्या वेळी पक्षी बघून तसेच परत जाऊ नका. आईकडे चहा प्या. मिठाचा असतो, पण सवय होते."