झाकण काढू नको गे

रविवार, रात्री पावणेदहा

तीनदा साबण लावला तरी बोटांचा संत्र्याचा वास काही जाईना. पाऊस सकाळपासून एकसारखा पडूलाय, बेळगावात आमच्या वडगावच्या गल्लीत गुडघाभर नाही पण घोट्यापर्यंत पाणी आहे, आणि आखाडाचा शेवटून दुसरा रविवार म्हणजे चिकनच्या दुकानासमोर छत्र्यांची रांग. श्रावण लागला की महिनाभर काही नाही, त्यामुळे आमच्याकडे आखाडात प्रत्येक रविवारी काहीतरी व्हायलाच लागतं. ह्या वर्षी ते काहीतरी म्हणजे नणंदेचा स्लो कुकर, तासन्‌तास हळूहळू शिजवणारं विजेचं भांडं.

मे महिन्यात नणंदबाई न्यू जर्सीहून आल्या तेव्हा बॅगेत कपड्यांच्या घड्यांमध्ये गुंडाळून आणलेला. "वैनी, सकाळी सगळं आत टाकायचं, झाकण लावायचं, संध्याकाळी जेवायचं, आईला गॅसपाशी उभं राहायला नको" असं सांगून त्या गेल्या. मी बटण दाबायला हात पुढे केला तर आमच्या ह्यांनी तो उलटा करून बुडाचं लेबल वाचलं, 120 व्होल्ट, 240 वॅट. आपल्याकडे 230 व्होल्ट. ह्यांनी तिथल्या तिथं हिशोब सांगितला की व्होल्टेज दुपटीला आलं म्हणून उष्णता दुप्पट नाही होत, साडेतीनपटीच्या वर जाते, म्हणजे पहिल्या रविवारीच धूर. मग व्होल्टेज कमी करणारा स्टेप डाऊन ट्रान्सफॉर्मर आणला. तो एवढा जड आहे की कुकर त्याच्यापुढं पोरगं वाटतंय. वीज तशी फार खात नाही, आठ तास चालवला तरी दोन युनिटच्या आतच, आणि सध्या आम्ही गृहज्योतीत (कर्नाटक सरकारची मोफत विजेची योजना) बसतोय त्यामुळे तेवढं डोक्याला नाही.

रेसिपी पण त्यांचीच. ऑफिसातल्या कुणा क्युबाच्या बाईने दिलेली. तिकडे आंबट संत्र्याच्या रसात लसूण, जिरं, ओरेगॅनो घालून मांस मुरवत ठेवतात म्हणे. मी वाचलं आणि म्हणलं लसूण जिरं तर आपलंच की, एवढं काय त्यात.

गेल्या रविवारचं इथं लिहिलं नव्हतं कारण लाज वाटली. बोनलेस ब्रेस्ट आणलं, संत्री मिळाली नाहीत म्हणून तीन मोसंब्या आणल्या, सालीसकट गोल चकत्या करून फोटोत दिसतं तसं वर लावल्या, दोन लिंबं पिळली, लो वर साडेसहा तास. उघडलं तर खाली पाणी पाणी, वर धुतलेल्या कापसासारखं चिकन, आणि चव? कारल्याची भाजी बरी. पोरानं एक घास घेऊन ताट सरकवलं. आत्ती (म्हणजे सासूबाई) गप जेवल्या, पाणी प्याल्या, आणि म्हणाल्या, "औषध चांगलं झालंय गे, रोज एक चमचा घ्यायला पायजे."

आठवडाभर तेच डोक्यात. चूक एक नव्हती, तीन होत्या. पहिली म्हणजे साल. वरचा रंगीत पापुद्रा तेवढा वासाचा, त्याच्या खालचा पांढरा भाग कडू, आणि तो मी सहा तास उकाळा काढल्यासारखा शिजवला. बरं नुसत्या सालीचा पण दोष नाही, मोसंबीचा रस काढून ठेवला की तासाभरात कडवट होतो हे कुठल्याही ज्यूसवाल्याला विचारा. रसात आधी कडू नसलेलं काहीतरी असतं ते आंबटपणात आणि उष्णतेत हळूहळू कडू होतं, त्या कडू झालेल्याला लिमोनिन म्हणतात. म्हणजे ज्या फळाला वेळ दिला की कडू होतं त्याला मी सगळ्यात जास्त वेळ देणाऱ्या भांड्यात घातलं. दुसरी चूक ब्रॉयलरचं ब्रेस्ट. त्याला वीस मिनिटं पुरतात. हे असलं तासन्‌तास शिजवणं निब्बर मांसासाठी, ज्याच्यात शिरा, चिकट भाग, हाडं आहेत, त्यातला चिकटपणा सुटून रस्सा दाट होतो. तिसरी चूक पाणी. ह्या भांड्यातनं वाफ बाहेरच जात नाही, झाकणाला लागून परत खाली. कढईच्या सवयीने दोन वाट्या घातल्या त्या दोनच्या दोन तशाच राहिल्या, वर चिकनचं सुटलेलं पाणी वेगळं.

तर आज सकाळी सातला ह्यांना छत्री देऊन पाठवलं, जवारी (गावठी) कोंबडीच पायजे म्हणून. आली सव्वा किलोची. संत्री दोन, कोल्ड स्टोरेजमधली महागडी, चकचकीत. ती चकाकी मेणाची असते त्यामुळे गरम पाण्यात घासून धुतली. वरचा केशरी भाग तेवढा बारीक किसणीवर किसून घेतला, रस काढून फ्रीजमध्ये. रस शेवटच्या दहा मिनिटांत, आधी नाही, हे मी फ्रीजवर चिठ्ठी लावून ठेवलं कारण माझा मला भरवसा नाही.

आणि कांदा मात्र कढईत लाल केला. चिकनचे तुकडे पण कांद्यात चांगले परतून घेतले. नणंदेच्या रेसिपीत "सगळं कच्चं टाका" लिहिलंय पण ह्या भांड्यात कितीही वेळ ठेवा, ते उकळीच्या आसपासच राहतं, त्यात कांदा मऊ होईल, लाल होणार नाही. खमंगपणा यायला कढईच लागते. आलं, लसूण, जिरं, मिरी, दोन हिरव्या मिरच्या मोडून, सालीचा कीस, अर्धी वाटी पाणी. बटाटे तळाला, कारण ह्यात बटाटा मांसापेक्षा उशिरा शिजतो, विश्वास बसत नाही पण खरंय. नऊ वाजता चालू. पहिला तास हाय वर, मग लो.

आणि मग काय करायचं?

हे मला आधी कुणी सांगितलं नव्हतं. रविवारी सकाळी नऊ ते एक माझे हात कधी रिकामे नसतात. चिकन म्हणजे एकीकडे खोबरं भाजायचं, दुसरीकडे वाटण, फोडणीचा आवाज, तेल सुटलं का बघायचं, बाहेरच्या खोलीत बसून पण वासावरनं कळतं की आता कांदा करपूलाय. हे भांडं गप. चुर्र नाही, शिट्टी नाही. दहापर्यंत वास पण नाही. आपण नाकानं आणि कानानं स्वयंपाक करणारी माणसं, आंधळ्यासारखं वाटलं. दोनदा जाऊन हात लावून बघितलं, गरम आहे का. मग कपाट आवरलं. मग परत जाऊन हात लावला.

आत्तींचं तर बघायलाच नको. साडेदहाला झाकण काढून बघितलं. म्हणलं, आत्ती, झाकण काढू नका, एकदा उघडलं की वीस-तीस मिनिटं मागं जातंय. "व्हय मा," म्हणाल्या. सव्वाअकराला परत खुडबूड. म्हणाल्या, वास येतो काय बघूलो. बाराला मी न्हाणीत होते तेव्हा परत उघडलंच असणार, झाकण वाकडं बसलं होतं.

परवा रात्री मी वाचलेलं ते त्यांना सांगितलं, तेवढाच वेळ जावा म्हणून. हे भांडं शोधून काढणारा अमेरिकेतला आयर्विंग नॅक्सन म्हणून माणूस, त्याला 1940 साली पेटंट मिळालं. त्याची आई त्याला लिथुआनियातल्या आपल्या आईचं सांगायची. ते लोक ज्यू, शुक्रवारी सूर्य मावळला की शनिवार संपेपर्यंत चूल पेटवायची नाही. म्हणून शुक्रवारी संध्याकाळी कडधान्य, मांस, भाज्या एका मडक्यात भरून बेकरीवाल्याच्या भट्टीत ठेवायचे, भट्टी रात्रभर हळूहळू गार होत जायची आणि दुसऱ्या दिवशी गरम जेवण. त्याच्यावरून त्याला हे सुचलं. पुढं 1971 ला दुसऱ्या कंपनीने ते क्रॉक-पॉट नावानं विकायला काढलं, नोकरी करणाऱ्या बायकांसाठी.

आत्तींनी सगळं ऐकलं. "म्हणजे त्यांच्यात पण सोवळं हाय म्हण की." आणि थोड्या वेळानं, "आमच्या आईचं वैल होतंच की. भाकऱ्या पुढं व्हायच्या आणि मागं वैलावर आमटीचं मडकं सकाळपासनं. त्याचं कुणी पेटंट घेतलं नाही."

बरोबर बारा चाळीसला वीज गेली.

आधी वाटलं येईल पाच मिनिटांत. एक वाजला. ह्यांनी गल्लीत चौकशी केली, कुठं तरी झाड पडलंय. झाकण न उघडता भांडं उष्णता धरून ठेवतं हे खरं, पण आत 60 अंशांच्या खाली गेलं की मांसात जंतू वाढायला लागतात, आणि दोन तास तसंच कोमट राहिलं तर मग टाकूनच द्यायचं. जवारी कोंबडी टाकून द्यायची? आखाडात? सव्वा वाजता मी म्हणलं, गॅसवर घेऊया. पोरगं आतलं मातीचं भांडं उचलून थेट शेगडीवर ठेवायलाच निघालेलं, किंचाळले त्याच्यावर, ते चिनी मातीचं असतं, ज्वाळेवर तडकतं.

तोवर आत्ती मागच्या न्हाणीत जाऊन बसलेल्या. आंघोळीच्या पाण्याची चूल अजून धगीत होतीच, दोन वाळकी लाकडं सारली, फुंकणी घेतली. आधी पितळेचं पातेलं उचललं, मग आपणच खाली ठेवलं, "कल्हई गेलीया, आंबट घालायचंय, नको." माळ्यावरनं मडकं काढलं, खानापूरचं, माशांच्या आमटीसाठी घेतलेलं. खानापूरच्या मातीची भांडी आमच्याकडे पहिल्यापासून, तिथं खादी ग्रामोद्योगाची मातीकाम शिकवायची संस्था पण आहे. मडकं आधी कोमट पाण्यानं धुतलं, मग त्यात सगळं ओतलं, आणि पुढच्या तोंडाला नाही, मागं वैलावर ठेवलं जिथं नुसती धग येते. वर ताटली, ताटलीत पाणी.

मी स्टूल घेऊन तिथंच बसले. पावसाचं पाणी पन्हळीतनं पडत होतं, धूर डोळ्यात जात होता आणि पंधरा मिनिटांत वास आला. पहिल्यांदा संत्र्याचा, मग जिऱ्याचा, मग एकत्र. आत्तींनी ताटली काढली, मी काही बोलले नाही. इथं काढलेली चालते. लाकूड थोडं मागं ओढलं की झालं.

पावणेतीनला मांस हाडापासनं सुटलं. रस घातला, लिंबू अर्धं, गुळाचा एवढासा खडा, कोथिंबीर. वीज आलीच नव्हती.

चवीचं खरं सांगायचं तर पहिले दोन घास गोंधळ उडतो, जेवतोय का सरबत पितोय कळत नाही. तिसऱ्या घासाला जमतं. कडू अजिबात नाही. रस्सा दाट, बोटं चिकटतील असा, तो हाडांचा गुण. भातापेक्षा भाकरीबरोबर चांगलं लागलं. ह्यांनी दोन घास खाऊन कांदा-लसणाचा मसाला वरनं घातलाच, त्यांना काय मी बोलत नाही, ते आइस्क्रीमवर पण घालतील. पोरानं तीनदा घेतलं. बटाटे मात्र थोडे जास्तच विरघळले.

किती चिकन त्या भांड्याचं आणि किती वैलाचं हे मला सांगता येणार नाही. पावणेचार तास तिकडं, दीड तास इकडं. पुढच्या वेळी वीज असेल तर नुसतं भांड्यात करून बघणार आहे, जवारी असेल तर सात तास तरी लागतील असा माझा अंदाज. आणि कपाट आवरायचं नाही, झोपायचं.

रात्री नऊ वाजता वीज आली आणि साडेनऊला नणंदेचा व्हिडिओ कॉल, तिकडे दुपार. पहिला प्रश्न तोच, "आई, कसं झालं गे माझ्या कुकरमध्ये?"

आत्ती पदर सारखा करून सरळ बसल्या.

"काय मऊ झालीया म्हणून सांगू. सकाळी घातली, दुपारी काढली, झाकणाला हात लावला नाही बघ कुणी."

धुतलेलं काळं मडकं त्यांच्या मागं ओट्यावर पालथं घातलेलं दिसत होतं. मी फोन थोडा डावीकडं वळवला.