आधार ‘लिंक’ आहे, पैसे नाहीत

शिष्यवृत्तीच्या टेबलावर दुसऱ्या सत्रात एकच प्रश्न घोळत असतो : ‘सर, पोर्टलवर रक्कम जमा दिसते, खात्यात नाही.’ गेल्या वर्षीची त्यातली एक केस अजून डोक्यातून जात नाही.

तृतीय वर्षाची मुलगी, वय 20. निर्वाह भत्त्याचा हप्ता पोर्टलवर जमा, पासबुकात शून्य, मेसची दोन महिन्यांची उधारी. आधार लिंक असल्याचा बँकेचा शिक्का आण, म्हटलं. तिनं आणला. पुन्हा पाठवलं, पुन्हा आणला. दोन्ही वेळा बँक खरंच सांगत होती.

बँकेच्या लेखी ‘लिंक’ म्हणजे केवायसीला आधार जोडलेलं. शासनाचा पैसा मात्र बँकांमधली देवघेव चालवणाऱ्या एनपीसीआय या संस्थेच्या मॅपरप्रमाणे, म्हणजे कुठल्या आधारचा पैसा कुठल्या बँकेत पाठवायचा या यादीप्रमाणे जातो. तिथं एका आधारापुढं एकाच बँकेचं नाव असतं, सगळ्यात शेवटी सीडिंग (या यादीत नोंद) झालेल्या बँकेचं. खाते क्रमांक तिथं नसतोच. अर्जात कुठलाही क्रमांक भरा, पैसा मॅपरमागेच जाणार. हे अर्जाच्या पानावर ठळक छापायला कुणाचं काय जातं?

तपासणं दोन मिनिटांचं : आधारच्या संकेतस्थळावर लॉगिन करून ‘बँक सीडिंग स्टेटस’. पण ओटीपी आधारला जोडलेल्या मोबाइलवर येतो, आणि बऱ्याच मुलींचा तो नंबर वडिलांचा. हिचे वडील ट्रॅक्टरवर. फोन उचलेपर्यंत ओटीपीची मुदत संपायची. तिसऱ्या खेपेला जमलं, तर पडद्यावर भलत्याच बँकेचं नाव!

2024 च्या पावसाळ्यात लाडकी बहीण योजनेसाठी आई आणि काकू खातं उघडायला गेल्या होत्या. ‘हिचंही काढून ठेवा, लागतं,’ म्हणत एजंटनं हिचा अंगठा घेतला. योजनेला 21 पूर्ण लागतात, त्यामुळं अर्ज भरलाच नाही. खातं मात्र उघडलं आणि मॅपर सरकला. संमतीच्या चौकटीत खूण कुणी केली, देव जाणे.

पैसे सुखरूप होते, तिच्याच नावावर. वसतिगृहासमोरच्या झेरॉक्सवाल्याकडंही आधारवर खात्यातले पैसे काढून देणारं अंगठ्याचं मशीन आहे. एका वेळी 10,000 रुपयांपर्यंत निघतात. म्हणजे उधारीचे दोन महिने पैसे रस्त्यापलीकडं होते आणि मी तिला शिक्क्यांसाठी पळवत होतो.

आता आधी सीडिंगचा स्क्रीनशॉट मागतो. बँक चुकीची निघाली तर हव्या त्या बँकेत सीडिंगचा संमती अर्ज, त्यात ‘दुसऱ्या बँकेतून बदल’ यावर खूण, आणि बदल दिसेपर्यंत दर दोन दिवसांनी पुन्हा तपासणी. आमच्या छापील यादीत मात्र अजूनही ‘बँकेचा शिक्का’ हाच मुद्दा आहे.